बाबा म्हणजे तोंड

“बाबा म्हणजे हे!” असं म्हणून रोडेलने तोंड एवढं मोठं उघडलं की मला त्याच्या मागच्या दाढेतली चांदी दिसली.

“साफ चूक!” जुमाने टेबलावर थाप मारली. ताटल्या नाचल्या. “बाबा म्हणजे बाप. विचार हिला. सांग गं, बाबा म्हणजे काय?”

“वडील,” मी म्हटलं. मनातल्या मनात चांगलं खणखणीत म्हटलं होतं, पण बाहेर पडला तो मांजराच्या पिल्लाचा आवाज.

“ऐकलंस? दोन मतं बापाला!”

“असू दे,” रोडेल म्हणाला. “बाप नसला तरी माणूस जेवतो. तोंड नसलं तर जेवेल का? मग मोठा शब्द कुणाचा?”

जुमाने सरळ रोडेलच्या ताटलीतला मासा उचलून आपल्या तोंडात टाकला.

ही गोष्ट तीन वर्षांपूर्वीची. आता मी अकरावीत आहे. वर्गात मला गप्प बसवता बसवता सरांचा घसा बसतो आणि वक्तृत्वाच्या दोन ढाली आमच्या कपाटावर आहेत. तेव्हा आठवीत होते आणि मला सगळ्याची भीती वाटायची. जिन्याची, इंजिनाच्या आवाजाची, फोन वाजला तर तो उचलण्याची. बाबांचीसुद्धा. बाबांना मी अहोजाहो करते. वर्षातले नऊ महिने समुद्रावर असणाऱ्या माणसाला ‘ए बाबा’ म्हणायला जीभच वळत नाही.

बाबा मालवाहू जहाजावर चीफ ऑफिसर होते. अधिकाऱ्यांना कुटुंब सोबत नेता येतं, म्हणून त्या मे महिन्यात मी आणि आई त्यांच्याबरोबर निघालो. जहाजाचं नाव बाबांनी लिहू नकोस म्हटलंय. डर्बनला लाकडाचे ओंडके भरले होते आणि कांडल्याला उतरवायचे होते. आई पहिल्या दिवसापासून केबिनमध्ये आलेपाक चघळत, डोळे मिटून पडलेली. “कांडला किती राहिलं गं?” एवढं एकच वाक्य ती बोलायची. तरी ती खुशीत होती, कारण बाबांची परीक्षा पास झाली होती आणि कंपनीचं पत्रही आलं होतं. पुढच्या फेरीला बाबा कॅप्टन. आईने जहाजावर चढण्याआधीच अख्ख्या मिऱ्या गावाला फोन करून टाकले होते.

मला सोबत होती ती या दोघांची. रोडेल म्हणजे जहाजाचा आचारी, फिलिपिन्समधल्या सेबू बेटावरचा, त्याची भाषा सेबुआनो. जुमा खलाशी, केनियाचा, त्याची भाषा स्वाहिली. आम्ही तिघं मोडक्या इंग्रजीत बोलायचो, मी इथे ते मराठीत लिहितेय. जुमा मला ‘दादा’ म्हणायचा. स्वाहिलीत दादा म्हणजे बहीण! आणि मी त्याला ‘जुमाकाका’ म्हटलं की तो फुलायचा, कारण काका म्हणजे त्यांच्याकडे भाऊ. रोडेल मला ‘इंदाय’ म्हणायचा, म्हणजे आपलं ‘बाळे’ असतं ना, तसंच काहीसं.

रोज जेवताना आमचा एकच खेळ. जो शब्द दोघांच्याही भाषेत आहे पण अर्थ निराळा आहे, असा शब्द शोधायचा आणि मी तो निळ्या पुठ्ठ्याच्या वहीत लिहायचा. लिमा म्हणजे जुमाकडे शेत कसणं, रोडेलकडे पाच. बाता म्हणजे जुमाकडे बदक, रोडेलकडे मूल. एका रविवारी रोडेल म्हणाला, आमच्याकडे आज सगळे सिम्बाला जातात, म्हणजे प्रार्थनेला. जुमा खुर्चीवर उभा राहून ओरडला, “पळा! याचं अख्खं गाव सिंहाकडे चाललंय!” मी इतकी हसले की मला ठसका लागला. त्या वहीसाठी मी रात्री उशी सोडून दिली असती. तिच्यात मी धीट होते.

बाबाचा शब्द सापडला तो नववा दिवस. जेवण झालं, रोडेल भांड्यांकडे वळला आणि जुमा डेकवर कामाला गेला. मला डेकवर एकटीने जायची सक्त मनाई होती. जेवणघराच्या मागचा कठडा, त्यापुढे पाऊल नाही, असं बाबांनी पहिल्याच दिवशी बजावलं होतं. पण वहीत ‘बाबा’ लिहायचा राहिला होता आणि जुमाकडून त्याचं अनेकवचन विचारायचं होतं. मी गेले.

तिसऱ्या होल्डच्या, म्हणजे माल भरायच्या कोठाराच्या, कडेला डेकमध्ये एक लोखंडी झाकण होतं. घरच्या पाण्याच्या टाकीला असतं ना, तसंच, फक्त जाडजूड. ते उघडलं की खाली सरळ उभी शिडी, दहा पायऱ्यांवर एक छोटा लोखंडी कट्टा, आणि कट्ट्याखाली अंधार. त्या अंधारात ओंडके. जुमा झाकणाच्या कडेचं जुनं रबर खरवडून नवं बसवत होता. भोवती पिवळी दोरी बांधलेली.

या ओंडक्यांबद्दल बाबा दर शनिवारी सगळ्यांना उभं करून सांगायचे. लाकूड हवेतला प्राणवायू खाऊन टाकतं. वास येत नाही, धूर दिसत नाही, माणूस उतरतो आणि संपतो. मग त्याला वाचवायला दुसरा उतरतो, तोही संपतो. जगभर असेच दोन-दोन, तीन-तीन मेलेत. बाबा विचारायचे, “खाली कुणी पडलेला दिसला तर?” आणि सगळे शाळेतल्या पोरांसारखे ओरडायचे, “उतरायचं नाही!” सगळ्यांत मोठा आवाज जुमाचा. पाठीवर हवेची टाकी बांधल्याशिवाय, आधी हवा तपासल्याशिवाय, त्या झाकणातून कुणी पायसुद्धा आत घालायचा नाही.

“दादा, तू इथे? चीफ मला कापून रोडेलला देईल,” जुमा म्हणाला.

“एकच मिनिट. अनेकवचन काय?”

“बाबाचं अनेकवचन बाबाच. बाप किती असणार माणसाला! जा आता.”

मी दोरीला टेकून लिहायला लागले. जहाज एका बाजूला कललं, फार नाही, रोज कलायचं तेवढंच. मी दोरी धरली. दोरी धरायला मी वही सोडली.

ती झाकणातून आत गेली. खाली फट्ट असा आवाज आला. मी वाकून पाहिलं. अंधारात नव्हती पडली. पहिल्या कट्ट्यावर, उन्हाच्या चौकोनात, उघडी पडली होती. मला माझं अक्षर दिसत होतं, इतकी जवळ.

यानंतर आमचं जे बोलणं झालं ते मी आत्ता लिहीत नाही. लिहीन. एवढंच सांगते की थोड्या वेळाने जुमाने हातातली खरवडणी खाली ठेवली, पट्ट्याचा वॉकीटॉकी काढून डेकवर ठेवला आणि शिडीवर पाय टाकला.

तो पायऱ्या मोजत उतरला. मला ऐकू यावं म्हणून मोठ्याने, स्वाहिलीत. मोजा, म्बिली, तातू, म्हणजे एक, दोन, तीन. सातव्या पायरीला त्याने वर बघून डोळा मारला. कुमी, म्हणजे दहा, म्हणताना तो कट्ट्यावर होता. वाकला, वही उचलली, झटकली. मग माझ्याकडे तोंड वर केलं, ओठ हलले, काहीतरी सांगायचं होतं त्याला. आणि तो खाली बसला.

पडला नाही. दमलेला माणूस पायरीवर बसतो ना, तसा बसला. वही मांडीवरून घसरली. मग त्याचं डोकं कठड्याला टेकलं.

“जुमाकाका, गंमत नको ना.”

तो हलला नाही.

“जुमाकाका, ऊठ ना रे!”

कुठे काहीच झालेलं नव्हतं, हे सगळ्यात भयंकर होतं. आग नाही, धूर नाही, किंचाळी नाही. ऊन तसंच. आतली हवाही हवेसारखीच दिसत होती. त्याचा एक बूट हळूच थरथरला आणि थांबला.

वॉकीटॉकी माझ्या पायापाशी होता. बटण दाबलं असतं तर जहाज चालवतात त्या ब्रिजवर, इंजिनरूममध्ये, सगळीकडे आवाज गेला असता. मी तो उचलला. बटणावर अंगठा ठेवला. आणि दाबला नाही. कारण पलीकडून बाबांचा आवाज आला असता, आणि बाबांनी विचारलं असतं, तू तिथे काय करतेस? खाली माणूस मरत होता आणि मला ओरडा बसायची भीती वाटत होती. हे वाक्य लिहायला मला तीन वर्षं लागली.

किती वेळ गेला मला माहीत नाही. मागून रोडेलची शीळ आली. तीन वाजता तो जुमासाठी तळलेली केळी घेऊन यायचा.

“इंदाय, तो काळा राक्षस कुठाय? गरम आहेत तोवर…”

त्याने माझं तोंड पाहिलं, मग झाकणातून खाली पाहिलं. ताटली डेकवर फुटली.

“जुमा!”

आणि याच माणसाने चार दिवसांपूर्वी हात वर करून ओरडून म्हटलं होतं, उतरायचं नाही. त्याच माणसाचा एक पाय शिडीवर होता. विचार नाही, क्षणभर थांबणं नाही. आपलं माणूस खाली दिसलं की शनिवार, ड्रिल सगळं पुसलंच जातं.

मी त्याच्या वरच्या पायाला मिठी मारली. दोन्ही हातांनी, सगळं अंग टाकून.

“सोड!”

“नको! नको जाऊ!”

“सोड, पोरी! तो मरेल!”

त्याने पाय झाडला. माझी हनुवटी लोखंडावर आपटली. त्याने दुसरी पायरी घेतली, मी फरपटत झाकणाच्या कडेपर्यंत गेले, माझे खांदे त्या भोकावर आले आणि खालून एक गार, शिळा श्वास माझ्या तोंडाला लागला. मग मी त्याच्या पोटरीला कडकडून चावले. तो बोंबलला. मी एका हाताने वॉकीटॉकी चाचपला, बटण दाबलं, आणि बोलायचं होतं ते सगळं विसरले. होल्ड नाही, जुमा नाही, मदत नाही. तोंडातून एकच शब्द निघाला.

“बाबा! बाबा! बाबा!”

जुमाच्या वॉकीटॉकीवर माझा आवाज, एवढ्यावरून बाबा काय ते समजले. मग सायरन झाला. पावलं वाजली. बाबा धावत आले ते पाठीवर पिवळी टाकी आणि तोंडावर मुखवटा चढवतच, मागे दोघं दोर घेऊन. त्यांनी रोडेलला कॉलरला धरून बाजूला फेकलं, माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही, आणि आत उतरले. मुखवट्यातून त्यांचा श्वास ऐकू येत होता, करवतीसारखा. मी ते श्वास मोजले. एकसष्टाव्याला दोर ताणला गेला.

जुमा वर आला तेव्हा त्याचे ओठ राखेच्या रंगाचे होते. प्राणवायूची नळी लावली. कुणीतरी छाती दाबत होतं. रोडेल गुडघ्यांवर बसून त्याच्या भाषेत काहीतरी पुटपुटत होता. मी डोळे मिटून घेतले आणि ठरवून टाकलं की उघडायचेच नाहीत. मग खोकला ऐकू आला. ओला, घाणेरडा, सुंदर खोकला.

डोळे उघडले तेव्हा बाबा समोर उभे होते. मुखवटा काढलेला, तोंड घामाने निथळलेलं. त्यांच्या अंगातल्या कामाच्या बॉयलरसूटवर छातीपाशी एक चौकोनी कोपरा उठून दिसत होता. निळा. त्यांनी माझ्याकडे बघितलं आणि चेन गळ्यापर्यंत ओढून घेतली.

त्या संध्याकाळी ते मला काहीच बोलले नाहीत. ओरडलेही नाहीत. मी वाट बघत होते. ओरडले असते तर बरं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी दहा वाजता जेवणघरात सगळ्यांची बैठक झाली. आईसुद्धा भिंत धरत धरत आली. कॅप्टन सान्याल उभे राहिले. ते फार हळू बोलायचे, त्यामुळे आणखी भीती वाटायची.

“काल या जहाजावर एक माणूस मरता मरता वाचला. दोन मेले असते. दुसरा का मेला नाही? कारण एका तेरा वर्षांच्या मुलीला नियम आठवला. मोठ्यांना आठवला नाही. उभी राहा, शर्वाणी.”

मी उभी राहिले. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. रोडेलने पँट वर करून पोटरीवरचे दात सगळ्यांना दाखवले आणि सगळे हसले. आईच्या डोळ्यांत पाणी. कॅप्टनने मला चॉकलेटचा डबा दिला. बाबा टेबलाच्या रंगाकडे बघत होते.

“आता दुसरी गोष्ट,” कॅप्टन म्हणाले. “जुमा परवानगीशिवाय होल्डमध्ये उतरला. का, ते तो सांगत नाही. माझी चूक, एवढंच म्हणतो. ठीक आहे. कांडल्याला तो उतरेल आणि घरी जाईल. अहवालात तसं लिहिलं जाईल.”

मी अजून उभीच होते. डबा हातात. बोलायला याहून चांगली जागा आणि वेळ मला आयुष्यात मिळणार नव्हती. तोंड उघडलं.

“थँक यू, सर,” मी म्हटलं आणि खाली बसले.

दुपारी रोडेल बटाटे सोलत होता. मी शेजारी जाऊन बसले.

“इंदाय, दात फार छान आहेत तुझे. कांडल्याला इंजेक्शन घेऊ का? कुत्रं चावलं म्हणून सांगतो.”

मला हसू आलं नाही. त्याने सुरी थांबवली.

“घाबरलीस अजून?”

“जुमाकाका कसा आहे?”

“डोकं दुखतंय. भिंतीकडे तोंड करून पडलाय. मला एकच कळत नाही.” त्याने बटाट्याचा डोळा काढला. “दुसरा कुणी उतरला असता तर मी म्हटलं असतं, गाढव आहे. पण जुमा? जुमा अकरा वर्षांचा होता तेव्हा गावातल्या जुन्या विहिरीत त्याचा थोरला भाऊ उतरला. गाळ काढायला. आतच बसला. मग भावाला काढायला बाप उतरला. जुमा काठावर उभा होता, दोर धरून. दोघंही आले नाहीत. म्हणून तर शनिवारी तो सगळ्यांपेक्षा मोठ्याने ओरडतो. त्या भोकाजवळ काम असलं की सकाळपासून जेवत नाही तो. आणि तो असा स्वतःहून उतरेल? काय दिसलं असेल त्याला खाली?”

मी उठले. बटाट्याच्या साली माझ्या मांडीवरून खाली पडल्या.

“अगं, कुठे चाललीस?”

बाबा त्यांच्या ऑफिसात होते. छोटीशी खोली, एक टेबल, एक गोल खिडकी. समोर छापील अहवालाचा कागद, अर्धा भरलेला. मी दार न वाजवता आत गेले, असं मी कधीच करत नव्हते.

“बाबा, वही तुमच्याकडे आहे.”

ते पेन बंद करत म्हणाले, “दार लाव.”

मी लावलं. त्यांनी खण उघडून वही टेबलावर ठेवली.

“तुम्ही कुणाला सांगितलं नाहीत.”

“नाही.”

“का?”

“तू तेरा वर्षांची आहेस, शर्वू. वही पडली, त्याने काढायला जायचं ठरवलं. मोठा माणूस आहे तो. चुकला. वाचला. संपलं.”

“संपलं कुठे? त्याला काढतायत.”

“दुसरं जहाज मिळेल.”

“मिळेल?”

बाबा खिडकीकडे बघायला लागले.

“मिळेल का, बाबा?”

“विनाकारण नियम मोडून उतरला, असं ज्याच्या कागदावर लिहिलं गेलं…” ते थांबले. “अवघड असतं.”

“आणि खरं लिहिलं तर?”

“आत्ता सगळे समजतात की तू जुमा पडल्यावर तिथे पोचलीस. खरं लिहिलं तर पहिला प्रश्न मला विचारतील. चीफ ऑफिसरची मुलगी उघड्या झाकणापाशी काय करत होती? झाकणावर दुसरा माणूस पहाऱ्याला का नव्हता? तो ठेवायचं काम माझं होतं, आणि मी ठेवला नव्हता. तासाभराचं काम म्हणून.” त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. “मग पुढच्या फेरीला कॅप्टन दुसरा कुणीतरी. कदाचित नंतरच्याही. आईने सगळ्या गावाला सांगून ठेवलंय. कळतंय तुला, तू काय मागतेयस?”

मला कळत होतं. मी मागे फिरून दाराला हात लावला असता तर त्यांनी मला थांबवलं नसतं, आणि आयुष्यात परत हा विषयही काढला नसता. आम्ही दोघांनी मिळून ते गिळलं असतं.

“तुम्हाला निम्मंच माहीत आहे,” मी म्हटलं.

“म्हणजे?”

“तो नाही म्हणाला होता. वही पडल्यावर लगेच. म्हणाला, संध्याकाळी चीफला सांगू, हवा तपासू, मग काढू. मी म्हटलं, तुम्ही मला ओरडाल. तरी नाही म्हणाला. मी रडले. तो म्हणाला, रड, पण नाही. त्याचा हात झाकणावर होता, बाबा. तो झाकण लावणार होता.”

“मग?”

“मग मी हसले. म्हटलं, तू घाबरतोस. एवढा मोठा माणूस, दहा पायऱ्यांना घाबरतोस. रोडेल असता तर केव्हाच उतरला असता. तू म्वोगा आहेस.”

“काय?”

“म्वोगा. त्यांच्या भाषेत भित्रा. तो शब्द त्यानेच मला शिकवला होता. मी एकदा त्याला सांगितलं होतं की मला सगळ्याची भीती वाटते, अशा माणसाला तुमच्याकडे काय म्हणतात? त्याने शब्द सांगितला आणि म्हणाला, पण तू म्वोगा नाहीस, दादा. तोच शब्द मी त्याला फेकून मारला. वेगळाच झाला त्याचा चेहरा. मग त्याने खरवडणी खाली ठेवली.”

खालून इंजिनाची घरघर येत होती, टेबलावरचा चष्मा तिच्याबरोबर थरथरत होता.

“आणि वॉकीटॉकी माझ्या हातात होता. रोडेल यायच्या आधीपासून. मी दाबला नाही.”

“किती वेळ?”

“माहीत नाही. तुम्ही ओरडाल म्हणून दाबला नाही.”

हे ऐकल्यावर बाबांचं तोंड कुणीतरी चापट मारल्यासारखं झालं. मला वाटलं, आता उठतील. ते उठले नाहीत. अर्धा भरलेला कागद त्यांनी उचलला, मधोमध फाडला, दोन तुकडे एकावर एक ठेवले आणि नवा कागद घेतला. चष्मा लावला, पेन उघडलं.

“सांग. अगदी पहिल्यापासून. सावकाश.”

मी सांगत गेले, ते लिहीत गेले. मधे मधे थांबवून विचारत. तो किती वेळा नाही म्हणाला? कोणत्या शब्दांत? तू कुठे उभी होतीस? मी रडायला लागले तर पेन धरून थांबायचे, आणि हुंदका ओसरला की म्हणायचे, “पुढे.” माझं संपल्यावर त्यांनी स्वतःचं लिहिलं. पहाऱ्याला माणूस नेमला नव्हता. मुलीवर लक्ष ठेवलं नव्हतं. होल्डमध्ये सापडलेली वस्तू कॅप्टनला दाखवली नव्हती. तीन वाक्यं, आणि खाली सही, त्यांची नेहमीची, शेवटचा फराटा लांब ओढलेली.

जुमाला कांडल्याला उतरवलं नाही. पुढच्या वर्षी तो दुसऱ्या जहाजावर बढती मिळून गेला आणि अजूनही मला आवाजी निरोप पाठवतो. त्याने माफ केलं का, हे मी विचारलेलं नाही. माझे बाबा आज, नोकरीच्या सोळाव्या वर्षीही, चीफ ऑफिसरच आहेत. मिऱ्यात लोक विचारतात, काय झालं हो तुमच्या कॅप्टनकीचं, आणि आई म्हणते, कागदपत्रं अडकलीत.

पण त्या दुपारी हे काहीच माहीत नव्हतं. बाबांनी कागद दोनदा वाचला, घडी न घालता माझ्यापुढे धरला.

“कॅप्टन वर आहेत. केबिनमध्ये.”

“तुम्ही चला ना.”

“मी आलो तर मी बोलेन,” बाबा म्हणाले. “मला ती सवय आहे. तू जा.”

“आणि आई?”

“आईला मी सांगतो. ते तुझ्याच्याने व्हायचं नाही.” ते किंचित हसल्यासारखे झाले. “माझ्याच्यानेही व्हायचं नाही, पण बघतो.”

तीन जिने होते. एका हातात कागद, दुसऱ्या हाताने कठडा धरून मी चढले. पहिल्या जिन्याला वाटलं, परत जावं. दुसऱ्यालाही तेच वाटलं. तिसऱ्या जिन्याला काहीच वाटेना. कॅप्टनच्या दारावर पितळी पाटी होती आणि तिच्यात एक पांढरीफटक मुलगी उभी होती, हनुवटीवर काळानिळा वळ घेऊन.

मी दार वाजवलं. मलाच ऐकू आलं नाही. मग मूठ वळली आणि परत वाजवलं.

“कोण?”

“मी.”

“कोण मी?”

“शर्वाणी मयेकर,” मी म्हटलं, आणि माझा आवाज त्या लांबलचक बोळातून पार दुसऱ्या टोकापर्यंत गेला. “सर, काल जुमा खाली का उतरला, ते मला माहीत आहे.”